धोतरावरचा समुद्र

माझ्या वडिलांनी उभ्या आयुष्यात चारचौघांत एकदाच चूक कबूल केली, आणि तीही समुद्राच्या बाबतीत. तोवर त्यांनी समुद्र पाहिलेला नव्हता. आईनं नव्हता, मीही नव्हता, आणि आमच्या गावात तर पाहिलेला माणूस दिवा घेऊन शोधावा लागला असता. नगरजवळच्या केडगावच्या पुढे, पुणे रस्ता सोडून दीड कोस आत गेलं की आमचं गाव. समुद्र राहू दे, बहात्तरच्या त्या दुष्काळात आम्हाला घागरभर पाण्याचंही दर्शन दुर्मीळ झालं होतं.

वडील गावच्या शाळेचे हेडमास्तर होते. घरी ते, आई, मॅट्रिकच्या वर्षाला असलेली मी, आणि माझी वहिनी. भाऊ पाटबंधारे खात्यात होता. नोकरी भंडारदऱ्याच्या धरणावर, बिऱ्हाड राजूरला दोन मित्रांबरोबर एका खोलीत, त्यामुळे वहिनीला तिकडे नेणं जमलं नव्हतं. तो महिन्यातून एकदा घरी येई. पारावरचे म्हातारे वडिलांना चिडवायचे, "मास्तर, पोरगं धरनावर हाय तुमचं. येताना म्हनावं खिशात घिऊन ये थोडं पानी." वडिलांना असल्या चेष्टा आवडत नसत. त्यांना एकूण चेष्टाच आवडत नसे.

वहिनी रत्नागिरीकडची, अगदी समुद्राकाठच्या गावातली. लग्न होऊन आली तेव्हा इतकी बोलायची की आई म्हणायची, हिच्या तोंडाला जरा विसावा द्या कुणीतरी. तिचं हेल काढून बोलणं, मला 'वन्सं' म्हणून हाक मारणं, भाकरी थापताना स्वतःशीच हसणं, सगळ्याची मला लवकरच सवय झाली. मग तिला मुलगी झाली आणि तीन दिवस राहून गेली. त्यानंतर वहिनीचं बोलणं आटलं. 'हो', 'नाही' आणि 'वाढू का', एवढे तीन शब्द आमच्या घरात उरले. ती रडायची नाही, कामात चुकायची नाही. टँकरपुढे रांगेत उभी राहून दोन हंडे आणायची, अर्ध्या बादलीत अंघोळ उरकायची आणि भिंतीकडे बघत बसायची.

तिच्या वडिलांची पत्रं येत होती. पोरीला चार दिवस पाठवा, हवापालट होईल. वडील प्रत्येक पत्राला उत्तर लिहीत : पुढच्या महिन्यात बघू. कारण दुष्काळाचं देत, पण खरं कारण एकदा आईच्या तोंडून माझ्या कानावर आलं. "आत्ता गेली तर ही परत यायची नाही," ती वडिलांना म्हणत होती. खरं सांगायचं तर मलाही ती जायला नको होती. माझा तिच्यावर जीव होता, आणि ती असली की मला पाण्याला जावं लागत नव्हतं. यातलं कुठलं कारण मोठं होतं, हे मी अजून स्वतःला नीट विचारलेलं नाही.

त्याच सुमारास नगरमधली एक म्हातारी परदेशी बाई कायमची मायदेशी निघाली. जाताना तिनं बंगल्यातल्या वस्तू आसपासच्या शाळांना वाटल्या. आमच्या वाट्याला एक ट्रंक आली. तिच्यात एक पृथ्वीचा गोल होता, दोन फाटके नकाशे होते, आणि हातानं फिरवायचं सिनेमाचं यंत्र होतं, बरोबर एकच धड रीळ. डब्यावर इंग्रजीत काहीतरी खरडलेलं होतं. ते समुद्रकिनाऱ्यावरच्या सुट्टीबद्दल आहे, असं वडिलांनी आम्हाला सांगितलं. फार जुना, मुका सिनेमा. वडील दोन दिवस त्या यंत्राशी झटत होते. मदत कुणाची घेणार नाहीत, असा स्वभाव.

बाजारच्या दिवशी दुष्काळी कामाला सुट्टी असे. म्हणून वडिलांनी तोच दिवस धरला आणि दुपारी गावाला शाळेत बोलावलं. खिडक्यांना घोंगड्या लावल्या. गिरणीतून वायर ओढून दिव्याची सोय केली. पडदा म्हणून वडिलांचं धुतलेलं धोतर दुहेरी करून फळ्यावर ताणलं. त्याचा लाल काठ वरच्या बाजूला आला होता, त्यामुळे समुद्रावर सगळा वेळ एक लाल आभाळ राहिलं. लहानमोठं सगळं गाव जमलं होतं. खडी फोडून हाताला चिंध्या बांधलेल्या बायका सुद्धा पोरं कडेला घेऊन आल्या. आम्ही घरच्या बायका मागे, दाराशी बसलो. वहिनीला मीच ओढून आणलं होतं.

वडिलांनी आधी छोटं भाषण केलं आणि हँडल फिरवायला सुरुवात केली. धोतरावर पाणी आलं.

ते पाणी पाहून वर्गात जो आवाज उठला, तो मला अजून ऐकू येतो. कुणी ओरडलं नाही. नुसता शंभरएक माणसांनी श्वास आत घेतला. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत पाणी, आणि त्या पाण्यातून माणसं बाहेर येत होती. पँटी गुडघ्यापर्यंत दुमडलेले साहेब, मोठ्या टोप्या घातलेल्या, झगे दोन्ही हातांनी उचलून धरलेल्या मडमा. पण येत कशी होती, तर उलटी. तोंड पाण्याकडे, पाठ आमच्याकडे, एकेक पाऊल मागे टाकत.

"मास्तर, ही मानसं उलटी का चालत्यात?" पुढून कुणीतरी विचारलं.

हेडमास्तराला उत्तर येत नाही, असं आमच्या गावात कधी झालं नव्हतं. वडील क्षणभरच थांबले असतील. "आपण गाभाऱ्यातून बाहेर येताना देवाला पाठ दाखवतो का?" त्यांनी विचारलं. "नाही. तसंच हे. इंग्रज ही दर्यावर्दी जात. समुद्राला ते दैवत मानतात. म्हणून स्नान झालं की पाठ न दाखवता माघारी येतात."

याहून पटेल असं उत्तर कुणी दिलं नसतं. "व्हय की! पर्वनी दिसतीया," एक म्हातारा म्हणाला आणि त्यानं डोक्यावरचा पटका काढून मांडीवर ठेवला. बायकांनी हात जोडले. ज्या गावानं वर्षभरात विहिरीचा तळ सोडून काही पाहिलं नव्हतं, त्यानं त्या पाण्याला मनापासून नमस्कार केला. मीही केला. नंतर गाढवं आली, पाठीवर साहेबाची गोरी पोरं घेऊन, तीही उलटी चालत. तेव्हा मात्र जरा चलबिचल झाली. "एवढ्याल्या पोरांची धिंड कामून काढलीया?" एका बाईनं कळवळून विचारलं. दुसरी म्हणाली, "आन् गाढवाला कशाचा आलाय द्येव? त्ये बी उलटंच!" वडील म्हणाले, "शिकवलेली असतात."

आणि माझ्या शेजारी कुणीतरी हसलं.

साधं हसू नव्हतं ते. पदर तोंडात कोंबूनही मावेना असं, पोटातून फुटलेलं हसू. मी वळून पाहिलं तर वहिनी. मुलगी गेल्यापासून आठ महिन्यांत एकदाही न हसलेली माझी वहिनी भिंतीला टेकून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसत होती. आईनं तिच्या गुडघ्यावर चापट मारली. सासरा गावापुढे बोलतोय आणि सून हसते, असं त्या काळी आमच्याकडे कुणी ऐकलंही नव्हतं. वडिलांचा हात थांबला. गाढव एक पाय वर करून तसंच राहिलं. फिल्म तापून वास यायला लागला, तसा त्यांनी घाईघाईनं दिवा बंद केला.

"कोण हसलं?" अंधारात त्यांचा वर्गातला आवाज आला.

कुणीतरी खिडकीवरची घोंगडी बाजूला केली. उजेड आत आला आणि त्या उजेडात वहिनी उभी राहिली, शाळेतली मुलगी उभी राहते तशी. "मी, मामंजी."

वडिलांचा राग मला माहीत होता.

"काय चुकलं?" ते म्हणाले.

"लाट," वहिनी म्हणाली. तिचा आवाज घोगरा झाला होता, इतके दिवस वापरला नव्हता ना. "लाट आधी उभी राहते, मग फुटते. ही फुटलेली लाट परत उभी राहतेय. तसं कधी होत नाही, मामंजी. ही माणसं पाण्यातून येत नाहीयेत, पाण्यात चाललीयेत. तुमचं हँडल उलटं फिरतंय."

वडिलांनी यंत्राकडे पाहिलं. आधी कुणीतरी, बहुधा त्या बाईनं, शेवटच्या वेळी दाखवल्यावर सिनेमा परत गुंडाळून ठेवलाच नव्हता. त्यामुळे भरलेलं चाक खाली होतं, तेच त्यांनी पहिलं मानलं आणि शेवटाकडून मागे फिरवत सुटले. हे त्यांच्या लक्षात येताना मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते. कान लाल झाले. माझे वडील आता काहीतरी विद्वत्तापूर्ण बोलून हे निभावून नेणार, याची मला खात्री होती आणि त्याची मला आधीच लाज वाटत होती.

"बरोबर आहे," ते म्हणाले. "माझं चुकलं. मी समुद्र पाहिलेला नाही." मग टेबलावरची छडी उचलून त्यांनी वहिनीपुढे धरली. "हिनं पाहिलाय. हिचं ऐका."

त्या एका वाक्याबद्दल मी वडिलांचे बाकीचे सगळे राग-लोभ माफ केलेत. आणि ते थोडे नव्हते.

खिडकी पुन्हा झाकली. वडील यंत्राशी खाली मान घालून सरळ हँडल फिरवत राहिले आणि वहिनी छडी घेऊन धोतरापाशी उभी राहिली. आता गाढवं पुढे चालली. गाढवं पुढे चालली. ती चाकं लावलेली लाकडी खोपटी, जी मघाशी सगळ्यांना ऊसतोडणीवाल्यांच्या गाड्या वाटली होती, ती कपडे बदलायची आहेत, असं तिनं सांगितलं. भरती म्हणजे काय, ओहोटी म्हणजे काय, पायाखालची वाळू सरकते तेव्हा तळव्यांना कसं लागतं, हे सांगितलं. ती बोलत होती आणि मला वाटत होतं, ही अशीच बोलत राहू दे, रीळ संपूच नये.

मग, मघाशी उलट्या गर्दीत कुणाच्या लक्षात न आलेली, एक लहान मुलगी आली. दीड-दोन वर्षांची असेल, झग्यातली. हातात एवढीशी बादली. लाटेचं पाणी भरून आणायची आणि वाळूतल्या खड्ड्यात ओतायची. पाणी वाळूत मुरायचं. ती पुन्हा जायची. वहिनीची छडी खाली आली. धोतरावर ते पोर येत-जात राहिलं आणि वर्गातली प्रत्येक बाई, जिला जिला आमच्या घरचं माहीत होतं, ती वहिनीकडे बघत राहिली. वडील हँडल हळूहळू फिरवायला लागले, का ते मला सांगता येणार नाही.

शेवटी खडीवर जाणाऱ्या एका बाईनंच शांतता मोडली. "पानी वाया चाललंय की गं पोरीचं."

"वाया नाही," वहिनी म्हणाली. "ते पिता येत नाही. खारट असतं."

"आँ? येवढं पानी, आन् प्याला न्हाई?"

"नाही."

"शेताला?"

"नाही. पीक जळेल."

बाई जरा चिडलीच. "मंग येवढी मानसं लुगडी उचलून कशापायी जात्यात तिथं?"

वहिनीनं थोडा वेळ धोतराकडे पाहिलं. "बघायला," ती म्हणाली. "नुसतं बघायचं. बघितलं की बरं वाटतं."

रीळ संपलं.

त्या संध्याकाळी वडील ओट्यावर बसून पत्र लिहीत होते. आईनं विचारलं, कुणाला? "हिच्या वडिलांना," ते म्हणाले. "मी स्वतः हिला घेऊन येतोय म्हणून." आई खाली बसली. "आणि परत नाही आली तर?" वडिलांनी पत्राची घडी केली. "तर तिला परत यावंसं वाटावं असं आपण काही केलं नाही, एवढाच त्याचा अर्थ."

चार दिवसांनी आम्ही पुणे रस्त्याच्या फाट्यावर एसटीची वाट बघत उभे होतो. आईनं वहिनीची ओटी भरली होती, नारळासकट. कोकणात नारळ घेऊन जाणारी ही पहिलीच, असं मी म्हटलं, आणि आईनं मला दटावलं, आणि वहिनी हसली. गाडी येताना दिसली तेव्हा वडील तिला म्हणाले, "हे बघ सूनबाई. परत कधी यायचं, हे तुला कुणी विचारणार नाही. आमचं बोलावणं येणार नाही, तुझ्या नवऱ्यालाही मी तसंच बजावलंय. यावंसं वाटलं तर ये. नाही वाटलं, तर आम्ही समजू." वहिनी वाकून नमस्कार करायला गेली, तेवढ्यात कंडक्टरनं घंटी मारली.

आठ दिवसांनी वडील एकटे परत आले. मी विचारलं, कसा आहे समुद्र? "मोठा आहे," ते म्हणाले. पायांवर पाणी घेतलं, चहा प्यायले आणि मग म्हणाले, "आवाज फार करतो. सिनेमात ते कळत नाही."

पाण्याची रांग आता माझ्याकडे आली. पण मला त्याहून घर खायला उठत होतं. मी वहिनीला दर आठवड्याला पत्र लिहायला लागले. पत्रांत दुसरं काही नसायचंच. ये. कधी येतेस? आम्हाला विसरलीस का? पोस्टाची पेटी शाळेच्या भिंतीला होती, म्हणून वडील म्हणत, दे, मी टाकतो. एकाही पत्राचं उत्तर आलं नाही. भाऊ मध्ये एकदा तिकडे जाऊन आला. बरी आहे, एवढंच त्यानं सांगितलं. मी वहिनीवर मनातून भयंकर चिडले. गरज सरो नि वैद्य मरो, ही जात अशीच, असलं काहीबाही मी आईला बोलून गेले आणि तिची बोलणी खाल्ली.

अडीच महिन्यांनी, एका सकाळी, ती आली. कुणाला कळवलं नव्हतं. फाट्यावर उतरून, डोक्यावर आमसुलांचं आणि फणसपोळीचं गाठोडं घेऊन, दीड कोस एकटी चालत आली होती. आईनं तिच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकला आणि मग दारातच रडायला लागली. वहिनी उंबऱ्याच्या बाहेरूनच बोलायला लागली होती, एसटीत कोण भेटलं, घाटात गाडी कशी बंद पडली. मी आधी तिच्या गळ्यात पडले आणि मग भांडायला उठले. "माझ्या एका तरी पत्राला उत्तर द्यायचं!"

"कुठली पत्रं, वन्सं?" ती म्हणाली.

ती पत्रं मला वडिलांच्या शाळेतल्या टेबलाच्या खणात सापडली. अकराच्या अकरा, न टाकलेली. मी त्यांना तोंडावर लबाड म्हणाले. हेडमास्तरांना, शाळेच्या व्हरांड्यात. ते म्हणाले, "मी तिला शब्द दिला होता, घरातून बोलावणं येणार नाही म्हणून." मी म्हटलं, "तुम्ही दिला होता, मी नव्हता दिला." त्यावर ते म्हणाले, "आणि तुझं अक्षरही कुणाला लागलं नसतं." मी त्यांच्याशी पंधरा दिवस बोलले नाही. नंतर बोलले, पण ती अढी काही गेली नाही. माझं लग्न झालं, मुलं झाली, तरी वडिलांचा विषय निघाला की मी ती अकरा पत्रं काढायची.

पुढे भावाला राजूरला चांगलं घर मिळालं. वहिनीला दोन मुलगे झाले. आम्ही दोघी पिकल्या केसांच्या झालो. एकदा सुट्टीत माझ्या माहेरी आम्ही तांदूळ निवडत बसलो होतो आणि मी सवयीनं पुन्हा तेच उगाळलं. वहिनी थोडा वेळ सुपातले खडे बाजूला करत राहिली.

"वन्सं, खरं सांगू?" ती म्हणाली. "मी परत न येण्याच्या विचारानंच गेले होते. रोज किनाऱ्यावर जाऊन बसायची, आणि रोज वाट बघायची की तुमच्याकडून बोलावणं येईल. आलं की नाही म्हणून कळवायचं, हे ठरवून ठेवलं होतं. शब्दसुद्धा जुळवून ठेवले होते. आणि बोलावणं येईचना. एक महिना गेला, दोन गेले. मग माझी मीच विचार करायला लागले की सासूबाईंना पाणी कोण आणून देत असेल, तुमचा अभ्यास कसा चालला असेल, हे राजूरला काय जेवत असतील. एक दिवस उठले आणि आईला म्हटलं, मी घरी जाते. तुमचं एक पत्र जरी मिळालं असतं ना, तरी मी आले नसते."

सुपातले तांदूळ मी तसेच ठेवले आणि उठून बाहेरच्या खोलीत गेले. वडील तेव्हा ऐंशीच्या पुढे होते, दिसायचं कमी आणि ऐकू जवळजवळ येतच नसे. खिडकीशी खुर्चीत बसले होते. माझ्या आयुष्यात वहिनी राहिली, ती माझ्या हट्टानं नाही, तर या माणसाच्या गप्प बसण्यानं राहिली, आणि त्याबद्दल मी त्यांना तीस वर्षं बोल लावत आले होते. हे सगळं त्यांना ओरडून कसं सांगायचं ते मला कळेना. मी वाकले आणि त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं.

त्यांनी चाचपत माझ्या डोक्यावर हात ठेवला. "एवढ्यात निघालीस?" ते म्हणाले. "चहा तरी घेऊन जा."